नितेशच्या कॅटलॉगातली जमुना

हिवरखेडच्या नितेशला कुणी मेल्याचं कळलं की त्याचा पहिला प्रश्न ठरलेला असायचा, "आपल्याकडे हाय काय थो?" म्हणजे मेलेल्याचा फोटो आपल्या कॉम्प्युटरात आहे का. माणूस कशानं गेला, मागे कोण राहिलं, हे नंतर. बहुतेक वेळा नंतरही नाही.

तोंडावर मी त्याला नितेशभाऊ म्हणते, इथे नितेश पुरे. मला त्या माणसाचा राग आहे आणि तो मी लपवणार नाही. बाजारपेठेत त्याचा पार्वती फोटो स्टुडिओ, आणि त्याला खेटून आमचं दुकान. आतल्या बाजूला माझा नवरा नईम काच कापतो, फोटोंना फ्रेमा करतो. पुढे मी, निखत, झेरॉक्स काढते आणि लोकांचे ऑनलाइन अर्ज भरते. मधली भिंत इतकी पातळ की नितेश तिकडे फोनवर काय फुशारक्या मारतो ते इकडे शब्दन्‌शब्द ऐकू येतं. न ऐकायची सोय नाही.

त्याचे वडील नत्थुजी जुन्या काळचे फोटोग्राफर. जन्मभर काढलेल्या फोटोंच्या निगेटिव्ह त्यांनी बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यांत घालून ठेवल्या होत्या, डब्यावर गावाचं नाव रंगवून. नत्थुजी गेले आणि वर्ष उलटायच्या आत नितेशनं डबे भंगारात काढले. नईम सांगतो, भंगारवाल्यानं डब्यांचे पैसे दिले आणि निगेटिव्ह उकिरड्यावर ओतल्या. त्याची आई पार्वताबाई पायरीवर बसून रडायला लागली, तर हा म्हणाला, "माय, आता जमाना डिजिटल हाय. हे भुतं कोन सांभायते?" ज्या आईचं नाव दुकानावर लावलं तिला हे उत्तर.

मग तो अमरावतीला कुठल्याशा शिबिराला गेला आणि येताना कॅटलॉग घेऊन आला. कॅटलॉग म्हणजे कॉम्प्युटरातला एक प्रोग्राम. काढलेले सगळे फोटो त्यात गावाप्रमाणे, नावाप्रमाणे, लग्न-बारसं-पासपोर्ट अशा जातीप्रमाणे लावून ठेवता येतात. फोटोखाली खुणेचे शब्द लिहिता येतात, आवडीप्रमाणे चांदण्या देता येतात, रंगीत झेंडे लावता येतात. नितेशच्या हातात हे पडलं आणि त्याला देवपण आलं. सुंदर पोरींना पाच चांदण्या, बाकीच्यांना एक. मेलेल्यांना लाल झेंडा. आणि खुणेचे शब्द तर असे लिहायचा की वाचवत नसत. चकणा. ढेऱ्या. वांझोटी. एकदा सुभद्रा नावाची बाई आपला पासपोर्ट फोटो घ्यायला आली, तिनं पडद्यावर आपल्या तोंडाखाली "दातरी" लिहिलेलं वाचलं. बिचारी चौथी शिकलेली, वाचता येत होतं हाच तिचा गुन्हा. नितेश हसत सुटला. म्हणाला, "सुभद्रा गावात ढीगभर हायेत, दातरी एकच हाय. मंग सापडशीन कशी?" ती पदर तोंडावर घेऊन गेली. आजही ती हसताना तोंडावर हात धरते.

ती वर्षं आमच्या भागाला फार वाईट होती. कपाशी कधी पाण्यावाचून जायची, कधी पिकून भावावाचून. आज या गावाहून, उद्या त्या गावाहून कुणी औषध पिल्याची, कुणी झाडाला लटकल्याची बातमी यायची. अकोल्याचे, अमरावतीचे वार्ताहर फोन करायचे, मयताचा फोटो पाहिजे. घरच्यांनाही तेरवीला भिंतीवर लावायला फोटो पाहिजे असायचा. आणि घरात फोटो नसायचाच. आमच्याकडे माणूस स्वतःचा एकट्याचा फोटो कशाला काढतो? पण तो कुणाच्या तरी लग्नात पंगतीत बुंदी वाढताना, वरातीत मागे उभा असताना नितेशच्या कॅमेऱ्यात आलेला असायचा. नितेश नाव टाकून दोन मिनिटांत त्याला हुडकायचा, गर्दीतून मुंडकं कापून काढायचा, मळकी बंडी-टोपी काढून वर इस्त्रीचा पांढरा सदरा चढवायचा, मागे निळं आभाळ लावायचा. जिवंतपणी ज्याला कधी इस्त्रीचा सदरा मिळाला नाही, तो मेल्यावर साहेबासारखा दिसायचा. वार्ताहर म्हणायचे, नितेशभाऊ, मानलं तुम्हाला. ते मानलं त्याच्या डोक्यात गेलं. एका वर्षी मला म्हणाला, "भाभी, यंदा सीझन जोरात हाय." मी म्हटलं, "भाऊ, तोंडाला कुलूप लावा." तो हसला. त्याला खरंच कळलं नाही की मी का चिडले.

त्याची एक सवय सगळ्या बाजारपेठेला माहीत होती. संध्याकाळी प्रोग्राम बंद करताना तो प्रोग्रामच विचारायचा, कॅटलॉगचा बॅकअप घ्यायचा का? बॅकअप म्हणजे जपून ठेवायची दुसरी प्रत. घराघरात दिवाबत्तीची वेळ असायची, तेव्हा नितेश उदबत्ती लावून, हात जोडून, हो म्हणून बटण दाबायचा. ती प्रत एका पेन ड्राइव्हमध्ये जायची, आणि तो पेन ड्राइव्ह त्यानं काळ्या गोफात ओवून गळ्यात घातला होता, गजानन महाराजांच्या बिल्ल्याशेजारी. छातीवर थाप मारून सांगायचा, "अख्खा तेल्हारा तालुका माह्या गळ्यात हाय. दुकान जळू द्या, चोरी होऊ द्या, माह्यं काई जात नाई." लोक कौतुकानं मान हलवायचे. एवढ्या लोकांची एवढी लग्नं बोटाएवढ्या पेन ड्राइव्हमध्ये मावतात कशी, हे कुणाच्या मनात आलं नाही. त्याच्या तर नाहीच.

त्यात फोटो नव्हते. नुसती यादी होती. किराणावाल्याकडे मालाची यादी एका वहीत असते आणि माल मागच्या गोदामात असतो, तसं. खरे फोटो टेबलावरच्या दोन काळ्या डब्यांत होते, हार्ड डिस्क म्हणतात त्यांना. नितेश वर्षानुवर्षं रोज उदबत्ती लावून फक्त यादीची प्रत काढत होता. गोदामाची प्रत त्यानं एकदाही काढली नाही. प्रोग्राम रोज त्याला स्वच्छ सांगायचा की मी कॅटलॉगचा बॅकअप घेतोय. याला वाटायचं कॅटलॉग म्हणजेच फोटो.

आता माणिकबाईचं सांगते. आमच्या गावातली एकटी बाई. कापूस वेचायच्या दिवसांत कापूस वेचते, उन्हाळ्यात लोकांच्या घरी कुरोड्या-पापड करून देते. नवरा कधीच गेला. जमुना नावाची एकच लेक, ती डोंगरात, धारणीच्या पलीकडे एका खेड्यात दिली होती. नितेशनंच ते लग्न काढलं होतं. काही वर्षांनी जमुनाला दिवस गेले, वेळ आली तेव्हा तिला जीपमध्ये घालून धारणीला नेत होते. रस्ता तुम्हाला माहीत नसेल तर चांगलंच आहे. पोटातलं पोर आणि ती, दोघंही जीपमध्येच गेली. माणिकबाई पोचली तेव्हा राखही थंड झाली होती.

सासरच्यांनी सहा महिन्यांत मुलाचं दुसरं लग्न लावून दिलं. नव्या सुनेला घरात पहिलीचा भास व्हायला लागला, म्हणून त्यांनी जमुनाच्या लग्नाचा अल्बम चुलीत घातला. माणिकबाई निदान अल्बम तरी द्या म्हणून गेली होती. विहीणबाईनं दारातूनच सांगितलं, "आता काय मांगून राहिल्या? थो जयला." माणिकबाईकडे लेकीचा दुसरा फोटो नव्हता. एकच अल्बम केला होता, तो रीतीप्रमाणे पोरीबरोबर गेला.

होळीच्या सुमारास ती स्टुडिओत आली. मी तिथेच होते, पावत्या छापायच्या शाईसाठी गेले होते.

"बापू, माह्या जमुनाचा फोटो हाय काय तुह्याजोळ?"

"कोनती जमुना?"

"माहीच ना गा. धारणीकडे देली होती थे."

नितेशनं नाव टाकलं. पडद्यावर खुणेचे शब्द आले आणि त्यानं ते तिच्यासमोर मोठ्यानं वाचले, "हे पाय. जमुना, हिवरखेड, लग्न. कायी. हनवटीले डाग." लेकीला काळी म्हटल्याचं माणिकबाईला काही वाटलं नाही, कारण खाली फोटो उघडला होता. मुंडावळ्या बांधलेली, जरा तिरपं बघणारी, हसू दाबून धरलेली पोरगी. हनवटीवर बारीक व्रण.

"हाव, हेच," माणिकबाई म्हणाली. "पान्याच्या टाक्यावर पडली होती लहानपनी, तवाचा डाग होय थो." आणि तिनं बोट पुढे करून पडद्यावरच्या हनवटीला लावलं.

"हात नोको लावू, डाग पडते," नितेश खेकसला.

तिनं हात मागे घेतला. मग तिनं सांगितलं की तिला तो फोटो मोठा करून पाहिजे, फ्रेममध्ये. आखजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, येत होती. आमच्याकडे आखजीला हिंदू लोक वर्षात गेलेल्या माणसाच्या नावानं पाण्याची घागर भरतात, आंबा ठेवतात, पुरणाचं पान वाढतात. जमुनाची घागर सासरच्यांनी भरायची, पण ते भरणार नाहीत हे माणिकबाईला ठाऊक होतं. म्हणून ती स्वतः भरणार होती. आणि घागरीमागे फोटो ठेवणार होती, म्हणजे पाणी कुणाला पाजतोय ते दिसेल.

"मोठी प्रिंट अकोल्याच्या लॅबमधून येते," नितेश म्हणाला. "तुह्या एकटीसाठी मी काय अकोल्याले जाऊ? आता भाऊसाहेबाच्या घरचं लग्न हाय. थे होऊन जाऊ दे, मंग ये."

भाऊसाहेब म्हणजे तालुक्यातले एक बडे पुढारी. त्यांच्या मुलाच्या लग्नाचं काम नितेशला मिळालं होतं आणि तेव्हापासून तो जमिनीवरून चालत नव्हता.

"तवरोक जाईन तं नाई ना कोठी?" माणिकबाईनं विचारलं.

"माह्या कॅटलॉगातून कोनी जात नाई, माणिकबाई. जित्ते जातात. मेलेले कोठी जातीन?"

त्यानंतर ती दोनदा-तीनदा नुसती बघायला आली. कामावरून परत जाताना, डोक्यावर चाऱ्याचा भारा तसाच. एकदा नितेशनं दाखवला. पुढच्या वेळी दुकानात गिऱ्हाईक होतं, तेव्हा म्हणाला, "हे काय टॉकीज हाय काय, रोज पाह्याले? तिकीट लावू काय?" बसलेले लोक हसले. माणिकबाईही थोडं हसली, आपल्यावर हसत असतील तर आपणही हसावं म्हणून. मग ती आली नाही. लग्न होईपर्यंत थांबायचं तिनं ठरवलं.

भाऊसाहेबांचं लग्न अकोल्याला एका लॉनवर होतं. हळद, संगीत, साखरपुडा, वरात, दोन कॅमेरे, व्हिडिओ वेगळा. एवढं सगळं भरायला जागा पाहिजे, आणि नितेशचे दोन्ही काळे डबे गच्च भरलेले. नवे घ्यावेत हे कुणालाही सुचलं असतं. नितेशला वेगळंच सुचलं. त्यानं मला भिंतीपलीकडून हाक मारली, "भाभी, या इकडे, जादू पाहा."

मी गेले. त्यानं दोन्ही डब्यांच्या वायरी कॉम्प्युटरपासून ओढून काढल्या, डबे बाजूला ठेवले, आणि प्रोग्राम उघडला. पडद्यावर फोटो जसेच्या तसे. चौकटीत चौकटी, लग्नं, बारशी, पंगती, लाल झेंडे. त्यानं जमुनाचं नाव टाकलं, तीही दिसली.

"पाह्यलं? डबे नाईत तरी फोटो हायेत. म्हंजे समदं कॅटलॉगात हाय, आनं कॅटलॉग गळ्यात हाय. डबे फुकट अडवून बसले." मलाही ते पटलं. मला अर्ज भरता येतात, फोटोतलं कळत नाही.

पुढे अमरावतीच्या एका जाणकारानं जे सांगितलं ते असं, की प्रोग्राम प्रत्येक फोटोची एक चिमुकली चित्रछाया स्वतःजवळ ठेवतो, यादी चाळताना दिसावी म्हणून. वायर काढली तरी ती दिसतेच. पडद्यावर नखाएवढ्या चौकटीत ती चांगली दिसते, पण ती फोटो नव्हे. नितेशनं त्यातला एकही फोटो मोठा करून बघितला नाही. त्याच दुपारी त्यानं दोन्ही डब्यांतलं सगळं पुसून टाकलं आणि वर भाऊसाहेबांचं लग्न भरलं. पहिल्या हळदीपासून शेवटच्या आहेरापर्यंत, काठोकाठ.

लग्नानंतर थोड्याच दिवसांत एका वार्ताहराचा फोन आला. शेजारच्या गावात कुणी गेलं होतं. नितेश नेहमीच्या ऐटीत म्हणाला, "फोन ठेवू नका, दोन मिनिटं." मी भिंतीपलीकडे. दोन मिनिटं गेली. मग खूप वेळ गेला. मग तो म्हणाला, "साहेब, लाइट गेली वाटते," आणि फोन ठेवला. लाइट गेली नव्हती, माझा झेरॉक्स चालू होता.

तो आमच्या दुकानात आला तेव्हा त्याच्या तोंडचं पाणी पळालेलं होतं. ज्या फोटोवर दाबावं तिथं एकच ओळ येत होती, मूळ फाइल सापडत नाही. तो अकोल्याला गेला, तिथून अमरावतीला गेला, तिथल्या त्या जाणकाराला दोन्ही डबे दाखवून आला. पुसलेलं परत काढता येतं म्हणे, पण पुसल्यावर वर दुसरं भरलं नसेल तर. त्या माणसानं सांगितलं, यातून आता फक्त भाऊसाहेब निघतील.

सगळा तालुका गेला होता. जिवंतांचं सोडा, ते पुन्हा लग्नात उभे राहतील. पण ज्यांची माती झाली होती त्यांची ती एकुलती एक तोंडं होती, आणि ती या माणसानं स्वतःच्या हातानं, दिवसाढवळ्या, हसत हसत पुसली होती. मला वाटलं आता हा रडेल. निदान गप्प बसेल. तो मला म्हणाला, "भाभी, कोनाले सांगजा नोका. माह्यं नाव खराब होईन."

आखजी जवळ येत होती. मी त्याला म्हटलं, "माणिकबाईला खरं सांगा. जमुनाची ती बारकी छाया आहे ना अजून तुमच्याकडे? तीच छापून द्या. पासपोर्टएवढी का होईना, पण तिचीच."

त्यानं ती मोठी करून दाखवली. मोठी केली की नुसते चौकोन चौकोन व्हायचे, डोळे कुठे आणि मुंडावळ्या कुठे ते कळेना. लहान ठेवली तर धुरकट दिसायची. "हे देऊ? भिंतीवर डाग पडल्यावानी दिसन," तो म्हणाला. "पार्वती स्टुडिओतून असा माल जात नाई."

"मग काय करणार?"

"पाहू ना काईतरी."

त्या काईतरीचा अर्थ मला तेव्हा कळला नाही. त्याच आठवड्यात वलगावहून माझ्या अब्बांची तब्येत बिघडल्याचा निरोप आला आणि मी माहेरी गेले. पुढचं मी नईमच्या तोंडून ऐकलं, आणि नईम एक शब्द वाढवून सांगणारा माणूस नाही. कमी करून सांगेल.

नितेशकडे तोंडं उरली होती ती फक्त भाऊसाहेबांच्या लग्नातली. त्यातूनच त्यानं एक पोरगी निवडली. भाऊसाहेबांची पुतणी, करवली म्हणून मिरवलेली, अकोल्याला कॉलेजात शिकणारी, धडधाकट. चेहरा थोडा लांबट, जमुनासारखा म्हणायचा तर म्हणायचा. त्यानं तिचा रंग जरा सावळा केला, कपाळावर मुंडावळ्या बसवल्या, मागे निळं आभाळ लावलं. अंगावर तिचा भारी शालू तसाच ठेवला. मोठी प्रिंट करून आणली आणि नईमकडे फ्रेमला दिली. बायाबापड्यांच्या तोंडाकडे निरखून बघायची नईमला सवय नाही. त्यानं काच लावली, खिळे मारले, दिली.

आखजीच्या आदल्या दिवशी माणिकबाई धुतलेलं लुगडं नेसून आली. फोटो गुंडाळून न्यायला तिनं नवं फडकं आणलं होतं. स्टुडिओत पासपोर्ट फोटोसाठी तिघं-चौघं बसले होते, आणि फ्रेमचे पैसे घ्यायला गेलेला नईम दारात उभा होता. नितेशनं फ्रेम तिच्या हातात दिली. तिनं ती लांब धरली, जवळ धरली.

"बापू, हे माही नोहे."

"नोहे कशी? तुहीच होय."

"माही जमुना मले समजत नाई काय? हे दुसरीच कोनाची होय."

नितेशनं पडदा तिच्याकडे फिरवला. कॅटलॉगात त्यानं आधीच सगळं लिहून ठेवलं होतं. "वाचा ना कोनी इले," तो बसलेल्यांना म्हणाला. त्यांतल्या एकानं वाचलं, "जमुना, हिवरखेड, लग्न." आणि खाली हाच फोटो.

"कॉम्प्युटरात तं जमुनाच हाय, माय," तो माणूस म्हणाला. "कॉम्प्युटर काहून खोटं बोलन?"

"मंग डाग कोठी गेला? होळीले याच्यातच पाह्यला होता ना मी, हनवटीचा डाग?"

"डाग आमी काढतो," नितेश म्हणाला. "साऱ्याइचेच काढतो. त्याचे पैसे बी घेत नाई."

बसलेले हसले. माणिकबाई फोटोकडे बघत राहिली. म्हणाली, असं लुगडंच तिच्याजवळ नव्हतं. नितेश म्हणाला, लुगडंही आमीच चढवतो, मेल्या माणसाले चांगलं नेसवतो, तुले नोको असन तं काढून टाकू काय तिचं लुगडं? या वाक्याला कुणी हसलं नाही, नईम म्हणतो. एक जण इतकंच म्हणाला की बुढीचे डोये गेलेत, घरी जाऊन चांगलं पाह्य.

आणि मग नितेश तिच्याजवळ गेला आणि आवाज खाली आणून, समजूत घालत असल्यासारखा म्हणाला, "माणिकबाई, लेक सासरी जाऊन किती वर्सं झाले? मंग थे मेली. तू पाह्यलं कवा तिले? विसरलीस तू. होते असं. पन माय असून लेकीचं तोंड वळखू येत नाई, हे लोकाइत सांगत नोको फिरू. लोक काय म्हनतीन?"

माणिकबाईचा चेहरा एकदम बारीक झाला, नईम म्हणतो. ती त्या फ्रेमकडे बघत राहिली, मग कॉम्प्युटरकडे, मग बसलेल्या सगळ्यांकडे एकेक करून. सगळ्यांच्या मानेनं एकच उत्तर दिलं.

"असन बाप्पा," ती म्हणाली. "मीच विसरली असन." तिनं फोटो फडक्यात गुंडाळला आणि गेली.

अब्बांना बरं वाटल्यावर मी परत आले, तोवर आखजी होऊन पंधरवडा झाला होता. नईमनं हे सांगितलं आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी तशीच स्टुडिओत गेले, गिऱ्हाइकासमोर त्याला वाट्टेल ते बोलले. तो शांतपणे नखं काढत होता. म्हणाला, "भाभी, म्हतारी खुश हाय. मी खुश हाय. तुमची फ्रेम खपली. तुमालेच काहून तरास होऊन राहिला?"

"ती छाया काढा," मी म्हटलं. "खरी जमुना. आत्ता. नाही तर मी चौकात उभी राहून सांगते तुमच्या गळ्यात काय आहे ते." नाव खराब होण्याची भीती तेवढी त्याला होती. त्यानं मुकाट काढून दिली. मी ती माझ्याच प्रिंटरवर छापली, पासपोर्टएवढी, धुरकट, पण तिरपी नजर दिसत होती, आणि हनवटीवर असेल-नसेल असा एक ठिपका.

संध्याकाळी मी माणिकबाईकडे गेले. पत्र्याची एकच खोली. समोरच्या भिंतीवर भाऊसाहेबांची पुतणी प्लॅस्टिकचा हार घालून हसत होती. खाली आखजीची घागर अजून होती, तिच्यात रोज ताजं पाणी भरत असावी, कारण बाहेरून ओली होती. माणिकबाईनं मला पाट दिला, पाणी दिलं. मी तिला सगळं सांगितलं. डबे, लग्न, पुसणं, ती कॉलेजातली पोरगी, सगळं. मधे थांबले नाही, थांबले असते तर बोलता आलं नसतं.

"मावशी, तुमचंच खरं होतं. ही जमुना नाही. तुम्ही पहिल्यांदा बघितलं तेव्हाच ओळखलं होतं. हे सगळे खोटं बोलले. ही घ्या, ही तुमची जमुना." आणि तो बारका फोटो मी तिच्या हातावर ठेवला.

मला वाटलं होतं ती रडेल, नितेशला शिव्या देईल, भिंतीवरचा फोटो काढून फेकेल. तिनं फोटो दाराच्या उजेडात नेला. डोळे बारीक करून बघितला, पालथा केला, परत बघितला.

"याच्यात मले काई दिसत नाई, बाई."

"तिरपं बघतेय बघा. इथे हनवटी."

"असन." ती परत येऊन बसली. त्या मोठ्या फोटोकडे बघत म्हणाली, "मी म्हनलं होतं त्याले, माही नोहे म्हनून. समदे म्हने तू विसरली. मंग मी घरी येऊन इले पाह्यलं. रोज पाह्यलं. सकायी पाह्यलं, जेवतानी पाह्यलं. म्हनलं मी माय होय, वळख कशी पटत नाई. पाह्यता पाह्यता पटली, बाई. आता डोये मिटले का हेच येते, शालूवाली. हेच मले माय म्हनते. माही जमुना येतच नाई. किती जोर लावला तरी येत नाई."

तिनं माझा हात धरला, घट्ट, आणि जवळ सरकून विचारलं,

"थे कशी दिसे वो? तुले आठोते काय? सांग ना मले."

मी हिवरखेडला सून म्हणून आले तेव्हा जमुना सासरी गेलेली होती. जिवंत अशी मी तिला कधी पाहिलंच नव्हतं, पडद्यावर पाहिलं होतं तेवढंच.